बलुत्यापासून क्रमांकापर्यंत

महाविद्यालयाच्या प्रवेशपत्रिकेत ‘वडिलांचा व्यवसाय’ असा एक रकाना असतो. या पत्रिकांचे गठ्ठे तपासण्याचे काम पुष्कळ वर्षे आमच्याकडे आहे, आणि त्या रकान्यात बहुतकरून तीनच शब्द आढळतात: शेती, धंदा आणि नोकरी. ‘धंदा’ म्हणजे कशाचा, ‘नोकरी’ म्हणजे कोणत्या कामाची, हे लिहिण्याची गरज मुलांस वाटत नाही. आणि खरे सांगायचे तर विचारण्याची गरज आम्हांसही पुष्कळ दिवस वाटली नाही. तीच मुले पदवीच्या उंबरठ्यावर येतात, आणि ‘पुढे काय करणार?’ या प्रश्नास त्यांचे ठरलेले उत्तर असते: “कोणतीही नोकरी चालेल, सर.” या उत्तराला आम्ही पूर्वी नम्रता समजत होतो. आता समजत नाही. खाणावळीत बसून ‘काहीही वाढा’ म्हणणारा मनुष्य अल्पसंतुष्टच असतो असे नाही. पुष्कळदा त्याला पदार्थांची नावेच ठाऊक नसतात.

वास्तविक माणसे पोटासाठी कोणकोणती कामे करतात, याची मोजदाद करून ठेवलेली एक यादी आपल्या देशात आहे. ‘राष्ट्रीय व्यवसाय वर्गीकरण’ हे तिचे नाव. तिच्या २०१५ च्या आवृत्तीत सुमारे ३६०० व्यवसायांची नोंद असून प्रत्येकास आठ अंकी क्रमांक दिलेला आहे. काम कोणते, त्यात हातांनी काय करावे लागते, डोक्याने काय करावे लागते, हे थोडक्यात तेथे सांगितलेले असते. वाट शोधणाऱ्या तरुणास याहून उपयोगी पुस्तक कोणते असावे? तथापि सुशिक्षित घरांतही ही यादी उघडलेली आम्ही पाहिली नाही. तिचे नाव सांगितले की पालक आमच्याकडे काहीशा संशयाने पाहतात. हा संशय अगदीच अनाठायी नाही. धंद्यांची वर्गवारी ही आपल्याकडे नवी वस्तू नव्हे. ती फार जुनी आहे, आणि तिचे जुनेपण हीच तिची अडचण आहे.

आमच्या शहरापुरते बोलायचे तर ही वर्गवारी कागदावर नव्हे, रस्त्यांवर लिहिलेली आहे. १६१० मध्ये मलिक अंबराने खडकी या गावी वसविलेले, पुढे औरंगजेबाच्या सुभेदारीत औरंगाबाद झालेले आणि २०२३ मध्ये छत्रपती संभाजीनगर हे नाव मिळालेले हे शहर बावन्न दरवाजे व बावन्न पुरे यांसाठी प्रसिद्ध आहे. गुलमंडीवरून पायी निघालेल्यास कुंभारवाडा लागतो, रंगारगल्ली लागते. कासारी बाजार, सराफा, दलालवाडी लागते. शहराबाहेर दौलताबादेहून खुलताबादेकडे जाताना कागजीपुरा लागतो, म्हणजे हाताने कागद करणाऱ्यांचे गाव. महंमद तुघलकाने १३२७ च्या सुमारास राजधानी दिल्लीहून देवगिरीस आणली, तेव्हा त्या लोंढ्याबरोबर हे कारागीर इकडे आले, अशी तेथील परंपरा आहे. सुताबरोबर रेशीम विणून हिमरू काढणाऱ्यांविषयीही हीच कथा सांगतात. कथेतील इतिहास किती आणि अभिमान किती, हे निवडून काढण्याची ही जागा नव्हे. आम्हांस त्यातून एवढेच घ्यावयाचे आहे की, रंगारगल्लीत जन्मलेल्या मुलाला ‘तू कोण होणार?’ असे कोणी विचारीत नसे. त्याचा पत्ता हेच त्याचे उत्तर होते.

शहरात जे गल्ल्यांनी केले ते खेड्यात बलुत्याने केले. बारा बलुतेदारांच्या याद्या प्रांतोप्रांती थोड्याफार भिन्न आहेत. पण मोल्सवर्थच्या कोशात जी मांडणी नमूद आहे तिच्याकडे वाचकांनी नीट पाहावे. तीत बलुतेदारांच्या तीन ओळी आहेत. थोरल्या ओळीत सुतार, लोहार, महार व मांग. मधल्या ओळीत कुंभार, चांभार, परीट व न्हावी. आणि धाकट्या ओळीत भट, मुलाणा, गुरव व कोळी. शाळेत पाठ केलेल्या वर्णांच्या उतरंडीशी ही मांडणी मुळीच जुळत नाही. भटजी शेवटच्या ओळीत, आणि ज्यांना गावकुसाबाहेर ठेवले ते पहिल्या! कारण उघड आहे. ही वर्गवारी सोवळ्याओवळ्याची नव्हती. कुणब्याचे कोणावाचून किती अडते याची होती. नांगर मोडला तर सुतार आजच्या आज हवा. लग्नाचा मुहूर्त चार दिवस पुढे गेला तरी चालतो. ज्याच्यावाचून अधिक अडते त्याचा खळ्यावरचा वाटा मोठा, असा तो हिशेब होता. म्हणजे कामाचे मोल कामावरून ठरविण्याची अक्कल आपल्या पूर्वजांस नव्हती असे नाही. दुर्दैव असे की, काम कोणी करावे हे मात्र कामावरून ठरत नव्हते. सुताराच्या हातात कसब असो वा नसो, तो सुतारच. आणि लोहाराच्या घरी एखादा जन्मजात वैद्य निपजला तर गावाने त्याच्याकडून आयुष्यभर विळेच पाजवून घ्यावे.

एका सुट्टीत आम्ही एक उद्योग करून पाहिला. जुन्या यादीतील बलुतेदार आजच्या यादीत कोठे जाऊन बसतात, ते शोधू लागलो. आपल्या वर्गीकरणाचे पहिले चार अंक आंतरराष्ट्रीय श्रमसंघटनेच्या २००८ च्या वर्गीकरणास धरून आहेत, त्यामुळे हा शोध सोपा आहे. पहिला अंक विभागाचा. दुसरा विभाग विद्यावंत व्यावसायिकांचा, तिसरा तंत्रज्ञांचा, चौथा कारकुनांचा, पाचवा सेवा व विक्री करणाऱ्यांचा, सातवा कारागिरांचा, आठवा यंत्रे चालविणाऱ्यांचा आणि नववा साध्या अंगमेहनतीचा. लोहार ७२२१ वर सापडला, कुंभार ७३१४ वर, पादत्राणे करणारा ७५३६ वर. कातडी कमावणारा त्याचा शेजारी, ७५३५ वर. सुताराचे दोन तुकडे झाले: घराचे लाकूडकाम करणारा ७११५ वर आणि सामान घडविणारा ७५२२ वर, कारण एकाच माणसाने घर, गाडी, नांगर आणि पाळणा करावा ही कल्पना शहरी यादीस ठाऊक नाही. परीट नवव्या विभागात गेला, हे आम्हांस पटले नाही. रेशमी वस्त्रावरचा डाग काढून पाहावा म्हणजे ते काम किती ‘साधे’ आहे ते कळेल. बलुत्यातला कोळी गावाला पाणी भरी, तो ९६२४ वर सापडला. आणि एक गंमत अशी की, केस कापणारा ५१४१ वर असून भविष्य सांगणारा ५१६१ वर आहे. न्हावी आणि जोशी एकाच पोटविभागात, वैयक्तिक सेवा करणारे म्हणून शेजारी बसविले आहेत! आमच्या आजोबांनी हे पान वाचले असते तर त्यांनी अंघोळ केली असती. आम्हांस मात्र ते पान फार आवडले.

परंतु एका ठिकाणी आमची बोटे अडली. महाराचे काम कोणत्या क्रमांकावर लिहावे? गावाची राखण म्हणावी तर ५४१४, निरोप पोचविणे म्हणावे तर ९६२१, झाडलोट म्हणावी तर ९६१३; आणि शिवेचा तंटा निघाला की ज्याची साक्ष गाव प्रमाण मानी, त्या कामाला तर क्रमांकच नाही. हा दोष नव्या यादीचा नव्हे. जुन्या यादीत त्याला व्यवसाय असा दिलेलाच नव्हता; जे काम पुढे येईल ते त्याचे, वेळ कोणतीही असो, मोबदला कितीही असो. मुंबई इलाख्यात १८७४ च्या वतन कायद्याने या व्यवस्थेवर सरकारी शिक्का उमटला. १९२८ मध्ये डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी त्या कायद्यात दुरुस्ती करण्याचे विधेयक मुंबईच्या कौन्सिलात मांडले, ते एवढ्याचसाठी की कामाची व्याख्या व्हावी, मोबदला ठरावा, आणि ज्याला या नोंदीतून बाहेर पडायचे त्याला पडता यावे. कामांचे वर्ग पाडणे वेगळे आणि माणसांचे वर्ग पाडून त्यांना कामांशी जखडणे वेगळे, हा भेद त्यांनी १९३६ मध्ये अधिक कठोर शब्दांत मांडला. व्यवसाय मार्गदर्शनाचा विचार करणाऱ्याने तो भेद विसरू नये. आम्ही एकदा विसरलो होतो. ती हकीकत पुढे येईल.

यानंतर यादीचा ताबा जनगणनेने घेतला. निजामाच्या राज्यात, म्हणजे आमच्या भागात, पहिली जनगणना १८८१ ची. इंग्रजी अंमलातील अधिकाऱ्यांस धंदे मोजायचे होते, पण त्यांची पावले पुन्हापुन्हा जातीकडे वळत. १८९१ मध्ये बेन्ससाहेबांनी जातींची मांडणीच परंपरागत धंद्यांवरून केली. १९११ मध्ये पॅरिसचे संख्याशास्त्रज्ञ झाक बर्तियाँ यांची पद्धत स्वीकारली गेली, ती पुष्कळ शास्त्रशुद्ध होती; परंतु तीतही मनुष्य कोणत्या उद्योगात आहे याला महत्त्व अधिक, तो तेथे बसून नेमके काय करतो याला कमी. शिवाय जनगणना हा सरकारचा प्रश्न आहे आणि त्याचे उत्तरही सरकारसाठीच असते. एखाद्या जिल्ह्यात विणकर किती हे कळल्याने कलेक्टरचे समाधान होईल. विणकराच्या मुलाने काय करावे, हे त्या आकड्यांत शोधून सापडणार नाही.

मुलाच्या बाजूने पाहिले तर निराळी यादी हवी, ही कल्पना परदेशात विसाव्या शतकाच्या आरंभी निघाली. अमेरिकेतील बॉस्टन शहरात फ्रँक पार्सन्स नावाच्या गृहस्थाने १९०८ मध्ये तरुणांस धंदा निवडण्याच्या कामी साहाय्य करणारी एक कचेरी उघडली. आधी स्वतःला ओळखा, मग कामांची नीट माहिती घ्या, आणि मग दोहोंचा मेळ घाला, असे त्याचे साधे सांगणे होते. तो त्याच वर्षी वारला. त्याचे पुस्तक १९०९ मध्ये, म्हणजे मागाहून निघाले. इंग्लंडात १ फेब्रुवारी १९१० रोजी सरकारी कामगार विनिमय कचेऱ्या उघडल्या. व्यापारखात्याचे मंत्री होते विन्स्टन चर्चिल, आणि योजनेमागचे डोके होते तरुण विल्यम बेव्हरिज यांचे. मालकाला मनुष्य हवा आणि मनुष्याला काम हवे, पण दोघे एकमेकांस शोधीत शहरभर हिंडतात, हा अपव्यय थांबवावा एवढाच हेतू. परंतु कचेरी उघडताच अडचण उभी राहते. मालक ज्याला एक नाव देतो त्याच कामाला मजूर दुसरे नाव देतो. मेळ घालायचा तर दोघांस समजणारी भाषा पाहिजे. अमेरिकेने १९३९ मध्ये सुमारे १७,५०० कामांच्या व्याख्यांचा कोश काढला, तो या गरजेतून. त्याच कोशाच्या १९६५ च्या आवृत्तीत प्रत्येक कामाचे तीन अंगांनी मोजमाप केले: माहितीशी संबंध किती, माणसांशी किती, वस्तूंशी किती. ही युक्ती आम्हांस फार मोलाची वाटते. एकाच तऱ्हेची बुद्धी मागणारी, पण नावाने अगदी दूरची वाटणारी कामे तिच्यामुळे शेजारी येतात.

आपल्याकडे ही गरज महायुद्धाने निर्माण केली. १९४५ मध्ये युद्ध संपत आले तेव्हा हिंदी सैन्य पंचवीस लाखांच्या घरात होते. हे शिपाई, वाहनचालक, तारवाले, जोडारी, आचारी घरी परतणार. त्यांना काम कोठले? म्हणून जुलै १९४५ मध्ये पुनर्वसन व सेवायोजन महासंचालनालय स्थापन झाले, आणि १९४६ मध्ये धंद्यांची पहिली सरकारी वर्गवारी निघाली. पलटणीत जो अमुक म्हणून ओळखला जाई तो गावात कोणत्या कामास लागेल, याचे भाषांतर करणारा हा कोश होता असे म्हटले तरी चालेल. पुढे फाळणीने निर्वासितांचे लोंढे आले. तेही याच दारांत उभे राहिले. १९४८ च्या आरंभी ही दारे सर्वांस खुली झाली. व्यवसाय मार्गदर्शनाची स्वतंत्र कचेरी मात्र मुंबईत याआधीच निघाली होती: बाटलीबॉय यांची १९४१ मध्ये, पारशी पंचायतीची १९४७ मध्ये, आणि १९५० मध्ये खुद्द मुंबई सरकारची.

आमचा भाग या सगळ्यापासून दूर होता. सप्टेंबर १९४८ पर्यंत येथे निजामाचे राज्य, आणि पुढेही आठ वर्षे हैदराबाद राज्य. १ नोव्हेंबर १९५६ रोजी मराठवाडा द्विभाषिक मुंबई राज्यात आला, आणि योगायोग असा की शिवराव समितीच्या शिफारशीप्रमाणे देशभरच्या सेवायोजन कार्यालयांचा दैनंदिन कारभार केंद्राकडून राज्यांकडे गेला तोही याच दिवशी. म्हणजे ज्या दिवशी येथल्या तरुणाचे सरकार बदलले, त्याच दिवशी त्याची नोंदवहीही नव्या सरकारच्या हाती गेली. १९५० मध्ये येथे मिलिंद महाविद्यालय सुरू झाले होते; १९५८ मध्ये विद्यापीठ आले. ज्या घरांत अक्षर शिरले नव्हते त्या घरांतून पदवीधर निघू लागले. आणि हे पदवीधर सेवायोजन कार्यालयाच्या रांगेत उभे राहिले.

तेथे काय घडे, ते सांगितल्यावाचून पुढे जाता येत नाही. प्रत्येक नोंदणी करणाऱ्याचे एक कार्ड भरले जाई, त्याला ‘एक्स-१’ म्हणत. कार्डावर व्यवसायाचा क्रमांक पडे, आणि त्या क्रमांकाच्या खणात नोंदणीच्या तारखेप्रमाणे ते लागे. जोडारी असेल तर जोडाऱ्याच्या खणात, टंकलेखक असेल तर त्याच्या. पण ज्याने अद्याप कोणतेच काम केलेले नाही, त्याचा क्रमांक कोणता? १९६८ च्या वर्गीकरणात त्यासाठी एक स्वतंत्र विभाग आहे. त्याला अंक नाही; ‘एक्स’ हे अक्षर आहे. व्यवसायावरून वर्ग लावता येत नाही असे सगळे त्यात जातात, आणि त्यातला पहिला गट नव्याने काम शोधू पाहणाऱ्यांचा. बीजगणितात ज्याला आपण ‘क्ष’ म्हणतो तोच हा. देशातील मॅट्रिक आणि पदवीधर तरुणांच्या झुंडीच्या झुंडी या ‘क्ष’ मध्ये जाऊन पडल्या. तेथे त्यांना एकमेकांपासून वेगळे करणारी खूण उरली ती फक्त परीक्षेची: हा मॅट्रिक, हा बी.ए., हा बी.कॉम. त्यांपैकी कोणाचे अक्षर वळणदार होते, कोणी जत्रेत हिशेब ठेवला होता, कोणी विहिरीवरचे इंजिन खोलून पुन्हा जोडले होते, याला कार्डावर जागा असली तरी खणाला डोळे नव्हते. यादी कामांची वर्गवारी करण्यासाठी निघाली. जेथे तिची सर्वांत जास्त गरज होती तेथे येऊन तिने प्रमाणपत्रांची वर्गवारी केली.

१९५९ च्या कायद्याने, जो १ मे १९६० पासून अमलात आला, सरकारी कचेऱ्या व पंचवीस किंवा अधिक नोकर असलेले खाजगी कारखाने यांना रिकाम्या जागा कळविणे सक्तीचे झाले. कळविणे सक्तीचे, तेथूनच माणूस घेणे सक्तीचे नव्हे. या एका वाक्यात त्या कार्डांचे पुढचे आयुष्य आले. बोलावणे येईल म्हणून कार्ड नूतनीकरण करीत राहणारे, तिशी ओलांडलेले पुरुष आम्ही आमच्या विद्यार्थिदशेत पाहिले आहेत. अशाच एका कचेरीच्या खिडकीवर आमचेही कार्ड होते. अनुभव विचारल्यावर आम्ही दोन वर्षे शिकवण्या घेतल्याचे सांगितले, तेव्हा कारकुनाने मान वर न करता ‘अनुभव: नाही’ असे लिहिले. त्याचे फारसे चुकले नाही. त्याला लिहायला तेवढीच जागा होती.

१९७२ च्या दुष्काळाने तर मराठवाड्यात सर्वच वर्ग पुसून टाकले. कुणबी, विणकर, सुतार, मॅट्रिक झालेला मुलगा, सारे एका रांगेत बसून खडी फोडीत होते. त्यातून निघालेली आणि पुढे १९७७ च्या कायद्याने कायम झालेली रोजगार हमी योजना ही महाराष्ट्राने देशाला दिलेली मोठी देणगी होय. पण तिने हमी दिली ती ‘अकुशल’ अंगमेहनतीची. उपाशी माणसाला हे पुरेसे होते. १९७४ मध्ये मराठवाडा विकास आंदोलनात विद्यार्थी रस्त्यावर आले तेव्हा त्यांच्या मागण्यांत नोकऱ्यांची मागणी ठळक होती. ती न्याय्यच होती. परंतु तेव्हाच्या मागणीतही शब्द होता तो ‘नोकरी’ हाच. कोणते काम, हा प्रश्न त्या घाईत कोणी विचारला नाही, आम्हीही नाही. नोकर हा शब्द मंगोल भाषेतून फारसीत व फारसीतून आपल्याकडे आला, आणि मुळात त्याचा अर्थ सरदाराचा सोबती असा होता. सोबत कोणाची ते त्यात आहे. काम काय ते नाही. ‘उत्तम शेती, मध्यम व्यापार, कनिष्ठ नोकरी’ ही म्हण आपण क्रम उलटा करून जगत आलो, पण तिच्यातले तीन खण मात्र तसेच ठेवले. प्रवेशपत्रिकेतील रकान्यात आम्हांस दरसाल भेटतात ते हेच.

पुढे चिकलठाण्यास आणि वाळूजला औद्योगिक वसाहती उभ्या राहिल्या. १९८५ च्या सुमारास वाळूजला बजाजच्या दुचाकी निघू लागल्या, आणि कामांची संख्या नव्हे, कामांच्या जाती वाढल्या. हिमरूचा विणकर यादीत ७३१८ वर आहे, हातमागावरचा कारागीर म्हणून. यंत्रमाग चालविणारा ८१५२ वर, म्हणजे निराळ्या विभागातच. माग तोच, धागा तोच, पण एक कारागीर आणि दुसरा यंत्रचालक. या दोन क्रमांकांच्या मधल्या जागेत आमच्या शहरातील कित्येक घरे एका पिढीत बुडाली. यादीने ती बुडविली नाहीत, हे खरे. पण यादी वाचून कोणी त्यांना वेळीच सांगू शकले असते की, नक्षीचे धागे मोजणारा डोळा आणखी कोणकोणत्या कामांत लागतो.

हे सांगणे म्हणजे व्यवसाय मार्गदर्शन. आम्ही ते उशिरा शिकलो, आणि तेही एका मुलीकडून. तिच्या पत्रिकेत ‘वडिलांचा व्यवसाय: धंदा’ असे होते. किराणा दुकान होते, आणि उधारीची वही नववीपासून तीच लिहीत होती. बी.ए. झाल्यावर ‘कोणतीही नोकरी’ हवी होती. आम्ही यादी उघडून तिला तीन क्रमांक दाखविले: ४३११ हिशेबनीस, ३३१३ हिशेबाचे काम पाहणारा सहायक, २४११ लेखापाल. काम एकच, जिना एकच. पहिला अंक जसजसा कमी होतो तसतशी जबाबदारी वाढते. २००४ च्या आवृत्तीत तर कोणत्या पायरीला साधारण किती वर्षांचे शिक्षण लागते तेही सांगितले आहे, आणि पहिल्या पायरीवर शाळेबाहेर मिळविलेले कसब शाळेच्या बरोबरीने धरले आहे. वाळूजला यंत्रावर धातू कापणारा ७२२३ वर उभा असतो. त्याच्या वर ३११५ वर यांत्रिकी तंत्रज्ञ, आणि २१४४ वर अभियंता. मुलीने ते तीन अंक पाहिले आणि म्हणाली, “म्हणजे मी अगदी खाली नाही, पहिल्या पायरीवर उभी आहे.” तिच्या वहीला प्रमाणपत्र नव्हते म्हणून आम्ही तिला तीन वर्षे ‘क्ष’ समजत होतो.

या यशाने आम्ही थोडे चढलो, हे कबूल केले पाहिजे. घरचे कसब शोधायचे आणि त्याचा जिना दाखवायचा, हा आमचा मंत्र होऊन बसला. २०१५ मध्ये केंद्र सरकारने राष्ट्रीय करिअर सेवेचे संकेतस्थळ सुरू केले, त्याच्या आधाराने आम्ही महाविद्यालयात एक लहानसे मार्गदर्शन चालविले. तेथे गंगापूर तालुक्यातून येणारा एक विद्यार्थी आला. अबोल, पण हुशार. वडील गावातल्या चौकात पादत्राणे दुरुस्त करीत. आम्ही उत्साहाने ७५३६ काढले, चामड्याच्या वस्तूंच्या कारखान्यांविषयी बोललो, पादत्राणांच्या आराखड्यांचे शिक्षण कसे मिळते ते सांगितले. तो पाऊण तास ऐकत होता. मग म्हणाला, “सर, या पुस्तकात तीन हजारांच्यावर ओळी आहेत ना? त्यांतली एक मला जन्मापासून पाठ आहे. तुम्ही तीच वाचून दाखवलीत.”

आम्ही गप्प राहिलो. त्याच्या आवाजात राग नव्हता, म्हणून ते अधिक लागले. ज्या यादीचा मोठेपणा आम्ही असा सांगत होतो की ती माणसाला जन्मावरून नव्हे कामावरून पाहते, तीच यादी हातात धरून आम्ही त्याला पुन्हा त्याच्या गल्लीत नेऊन सोडीत होतो. दुकानदाराच्या मुलीला घरचे काम हा जिना होता. याला ते दार बंद करून निघायचे होते. एकच प्रश्न, ‘घरी काय करतोस?’ हा, एकीला मोकळे करणारा आणि दुसऱ्याला जखडणारा ठरला. आणि हे आम्हांस ठाऊक नव्हते असे नाही. १९२८ आणि १९३६ आम्ही वर्गात शिकवीत आलो होतो.

“मग काय करू या?” आम्ही विचारले.

“बाकीच्या वाचा,” तो म्हणाला.

त्या दिवशी आम्ही आळीपाळीने वाचू लागलो. तिसऱ्या विभागातील पुष्कळ नावे त्याला नवी होती आणि काही आम्हांसही. विमानतळावरचा वाहतूक नियंत्रक, रोगनिदान प्रयोगशाळेतला तंत्रज्ञ, आराखडे काढणारा. प्रत्येक ठिकाणी तो थांबून ‘हा दिवसभर काय करतो?’ असे विचारी. दुसऱ्या विभागात २१६५ आले: नकाशे करणारे आणि भूमापक. तेथे त्याने पुस्तक आपल्याकडे ओढून घेतले. गावात जमिनीची मोजणी करणारे आले होते तेव्हा तो शाळा बुडवून दिवसभर त्यांच्यामागे हिंडला होता. त्यांनी त्याला टेप धरू दिली होती, आणि संध्याकाळी बांधांचे कागदावर कसे रूप होते ते त्याने पाहिले होते. ही गोष्ट त्याने आम्हांस आधी का सांगितली नाही? कारण आम्ही ती विचारलीच नव्हती. आम्ही वडिलांचा व्यवसाय विचारला होता. भूकरमापक हे सरकारी पद त्याला ऐकून माहीत होते. पण त्याच्यावर आणखी काही आहे, नकाशे करणे हाच एखाद्याचा आयुष्यभराचा व्यवसाय असू शकतो, हे त्याने त्या पानावर प्रथम वाचले.

त्यासाठी कोणते शिक्षण लागते आणि ते कोठे मिळते, हे आम्हांस त्या क्षणी सांगता आले नाही. त्याने खिशातून बसचे तिकीट काढून त्याच्या मागे २१६५ हा अंक लिहून घेतला, त्याखाली ३११८ हा आराखड्यांचा अंकही लिहिला, आणि आम्ही त्याला भूगोलाच्या आमच्या सहकाऱ्यांच्या खोलीपर्यंत पोचवून आलो.